मधली रिळे

तात्यांचं तेरावं झालं तरी पाऊस थांबला नव्हता. राजूरला आषाढात तो थांबत नाहीच. पन्हाळीतून धार लागलेली, भिंतींना ओल आलेली, चुलीवर वाळत घातलेल्या कपड्यांना धुराचा वास. पाहुणे पांगले तसं काकीने कनवटीची किल्ली काढून माझ्या हातात ठेवली. "तूच उघड," म्हणाली, "तुला कळंल त्यातलं."

ट्रंक पत्र्याची, हिरवा रंग उडालेली. वर दोन धोतरं, त्याखाली भट्टीच्या हिशेबाच्या वह्या. त्याखाली जुन्या चादरीत गुंडाळलेलं एक गंगावन, विटून तांबूस झालेलं. एक खोट्या मोत्यांची नथ, दोन मोती गळालेली. सफेद्याची डबी, आतला सफेदा वाळून खडा झालेला. आणि तळाशी, काच वर करून ठेवलेली, एक तसबीर.

हा फोटो मी लहानपणी भिंतीवर पाहिला होता. अगस्ती ऋषींच्या यात्रेत, अकोल्याला, कुणा फोटोवाल्याने रंगवलेल्या पडद्यापुढे काढलेला. तात्या तारामतीच्या वेषात उभे. पण इतक्या पावसाळ्यांची ओल आत शिरून फोटो काचेला चिकटला होता. मागची फळी काढून मी कागद हलकेच सोडवायला गेले, तर चेहरा काचेवर राहिला आणि कागद खाली आला. काचेवर एक करडा डाग. कागदावर लुगड्याच्या निऱ्या, पायाशी रंगवलेली फुलझाडं, आणि पोटाशी जुळवलेले दोन हात.

मी बराच वेळ ते हात पाहत बसले. तात्यांचे हात मला पाठ होते.

तात्या म्हणजे माझे थोरले चुलते. उभी हयात राजूरच्या एका पेढ्याच्या भट्टीवर गेली. डांगी गाई-म्हशींचं दूध सकाळी डोंगरातल्या वाड्यावस्त्यांवरून यायचं. ते कढईत ओतलं की लांब दांड्याचं उलथनं हातात घेऊन ते उभे राहायचे, ते खवा होईपर्यंत. खवा आटवताना हात थांबवता येत नाही. थांबला की तळाला लागलं, आणि लागलं की सगळी कढई गेली. त्यामुळे त्यांच्या हातांना एक न थांबण्याची सवय होती. ओट्यावर गप्पा मारत बसले तरी उजवा हात मांडीवर गोल फिरत राहायचा. मनगटापासून कोपरापर्यंत उकळत्या दुधाच्या थेंबांचे डाग होते. बारीक, पांढरे, तिळासारखे. तारामती व्हायच्या दिवशी त्यावर बांगड्या चढायच्या.

ते तारामती व्हायचे, हे मी ऐकलेलं. पाहिलेलं नाही. गावातल्या पंधरा-सोळा माणसांची नाटकमंडळी होती. भात झोडून कणगीत पडलं की तालमी सुरू व्हायच्या आणि चैत्रातल्या जत्रांपर्यंत गॅसबत्तीच्या उजेडात गावोगाव खेळ व्हायचे. हरिश्चंद्राचं आख्यान हे त्यांचं हुकमी. बहात्तरच्या दुष्काळात माणसं खडी फोडायला गेली, मंडळी मोडली, ती पुन्हा जमली नाही. माझा जन्म त्यानंतरचा. मला मिळाले ते भट्टीवरचे तात्या.

एक गोष्ट मात्र मला त्यांच्या तारामतीकडून मिळाली. आमच्या घरात आई सहावारी नेसायची. शाळेच्या स्नेहसंमेलनात मला जिजाबाई मिळाली आणि नऊवारी नेसवायला कुणी मोकळं नव्हतं. तात्या भट्टीवरून आले, हात धुतले, काकीचं लुगडं घेतलं आणि भिंतीकडे तोंड करून म्हणाले, "मी आधी सोताला नेसतो, तू बघ. मग तू नेस." सदऱ्यावरूनच त्यांनी ते नेसलं. ओचा, निऱ्या, कासोटा, पदर. हात असे चालले की कापड आपणहून जागेवर जातंय असं वाटावं. आणि मग ते वळले. मी आठ-नऊ वर्षांची होते. अंगावर सदरा होता, गालांवर दोन दिवसांची दाढी होती, आणि तरी समोर बाई उभी होती. मी घाबरले नाही. काकी चुलीपुढून हसली, पण तिच्या हसण्यात जुनी काही ओळख होती. तात्या म्हणाले, "वाकायचं असंल तर आधी पदर धर, मग वाक. बाया उलटं करत नाहीत." आजही मी नऊवारी नेसते तेव्हा माझे हात त्यांचेच असतात.

नाशिकला नोकरीला लागल्यावर सार्वजनिक वाचनालयात फाळक्यांवरचं एक पुस्तक हाताशी आलं. फाळके आमच्या शेजारचेच म्हणायचे. घोटीवरून डोंगर ओलांडला की त्र्यंबकेश्वर, आणि तिथे ३० एप्रिल १८७० ला त्यांचा जन्म. आपल्या मुलखाचा माणूस म्हणून मी वाचायला घेतलं, आणि त्यात मला अण्णा साळुंके भेटले. एका परिच्छेदापुरते.

१९१२ साली फाळके लंडनहून कॅमेरा घेऊन परतले आणि दादरच्या घरात 'राजा हरिश्चंद्र'ची तयारी सुरू झाली. विम्याच्या पॉलिसी गहाण पडल्या. त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई फिल्मला भोकं पाडायला शिकल्या, ती धुवायला शिकल्या, आणि वर सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांच्याच अंगावर. हरिश्चंद्र मिळाला, दत्तात्रय दामोदर दाबके. रोहिदास घरातलाच, फाळक्यांचा मुलगा भालचंद्र. पण तारामती मिळेना. वर्तमानपत्रात जाहिरात दिली. वेश्यावस्तीत जाऊनही विचारलं. तिथल्या बायकांनीही नकार दिला. नाटकात पुरुषांनी लुगडी नेसणं लोकांना चालत होतं, पण ही नवी यंत्रावरची गोष्ट कुलीन आणि कुलटा दोघींनाही नको होती. अशातच ग्रँट रोडवरच्या एका खाणावळीत फाळक्यांना एक आचारी दिसला. अंगाने सडपातळ, हात नाजूक. महिना दहा रुपयांवर राबत होता. फाळक्यांनी पंधरा कबूल केले आणि तारामती मिळाली.

पाच रुपये. त्या पाच रुपयांवर मी फार दिवस अडकून होते. पुढे ज्याला भारतीय चित्रपटाची पहिली नायिका म्हटलं गेलं, त्या माणसाने खाणावळ सोडली ती महिना पाच रुपये जास्त मिळतील म्हणून. मला त्यात काही कमीपणा वाटत नाही. भट्टीवर उभं राहून घर चालवलेल्या माणसाच्या घरात मी वाढले. पाच रुपये म्हणजे काय हे आम्हाला ठाऊक आहे.

त्या दिवसांतल्या गोष्टी फाळक्यांच्या चरित्रकारांनी आवडीने सांगितल्या आहेत. बायकांच्या भूमिका करणाऱ्या पुरुषांना मिशा उतरवायला सांगितल्या, तर ते अडून बसले. बाप जिवंत असताना मिशी कशी काढायची? शेवटी फाळक्यांना त्यांची आणि त्यांच्या वडिलांची समजूत घालावी लागली. मंडळींनी घरात लुगडी नेसूनच वावरायचं, तांदूळ निवडायचे, पीठ चाळायचं, म्हणजे अंगात बाईपण मुरेल. बाहेर कुणी विचारलं तर हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहोत असं सांगायचं. वाचताना मला वाटलं, अण्णांना यात शिकण्यासारखं काय होतं? तांदूळ निवडणं, पीठ मळणं, चुलीची धग तोंडावर घेणं हा तर त्यांचा धंदाच. इतरांना जे बाईचं म्हणून शिकवावं लागलं ते या आचाऱ्याला पोटापाण्याचं म्हणून येत होतं. फाळक्यांनी त्या खाणावळीत नेमकं काय हेरलं असेल, ताट ठेवायची लकब, की पाणी वाढताना दुसऱ्या हाताने सावरलेली बाही, मी त्याची चित्रं रंगवत बसे, आणि प्रत्येक चित्रात हात तात्यांचे येत.

चित्रण सहा महिने सत्तावीस दिवस चाललं. ३,७०० फूट लांबीची चार रिळं झाली. २१ एप्रिल १९१३ ला ऑलिंपिया थिएटरमध्ये निमंत्रितांना दाखवलं आणि ३ मे ला गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये लोकांसाठी पडदा उघडला. त्याच खेळात चित्रपटाच्या जोडीला परदेशी नाचगाणं आणि पायांवर वस्तू फिरवणारा कसरतपटूही ठेवलेला होता, कारण नुसत्या हरिश्चंद्रावर माणसं येतील याची खात्री कुणाला होती? ती आली.

याच १९१३ सालच्या जुलैत पुण्याकडे गंधर्व नाटक मंडळी उभी राहत होती. बालगंधर्वांचा शालू, त्यांची नथ, गजरा माळायची तऱ्हा महाराष्ट्रातल्या बायका पाहून पाहून उचलत होत्या. पुरुषाने स्त्री होण्याचं सगळं वैभव तिथे होतं, आणि त्याला आवाज होता. अण्णांना आवाज नव्हता. त्यांची तारामती ओठ हलवायची आणि पडद्यावर अक्षरं यायची. ते पद म्हणाले असते तर कसं म्हणाले असते, ते बोलत कसे, मुंबईच्या कुठल्या बोलीत खाणावळीतल्या पोराला हाक मारत, यातलं काही फिल्मवर उमटणारं नव्हतं. उमटला तो देह, दर सेकंदाला सोळा-सतरा चौकटींनी.

वर्ष सरायच्या आत फाळक्यांना खऱ्या बायका मिळाल्या. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची कोवळ्या वयाची मुलगी कमला मोहिनी. त्या कमलाबाई गोखले पुढे खूप जगल्या, रंगभूमीवर आणि पडद्यावर कामं केली. उतारवयात रीना मोहन यांनी त्यांच्यावर एक माहितीपट केला. त्यात त्या स्वतः बोलतात, आठवतात, चिडतात, हसतात. मला तो माहितीपट फार प्रिय आहे. आणि तो आठवला की दर वेळी अण्णांच्या वाट्याला असं कुणी आलं नाही हेही आठवतं. पुस्तकांत कमलाबाईंच्या नावापुढे कंसात दोन सालं असतात. अण्णांच्या नावापुढे कंस नसतो.

बायका आल्या म्हणून अण्णा लगेच बाजूला झाले, असं मात्र नाही. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये तेच राम होते आणि तेच सीता. भारतीय चित्रपटातली पहिली दुहेरी भूमिका ती हीच. हनुमान गणपत शिंद्यांचा. मुंबईत सकाळी सातपासून मध्यरात्रीपर्यंत खेळ लागायचे. रामाची मूर्ती पडद्यावर आली की लोक पायातल्या वहाणा काढून हात जोडायचे. मद्रासकडे तर तिकिटांची नाणी बैलगाडीत घालून पोलीस पहाऱ्यात न्यावी लागली, असं सांगतात. सीतेच्या पदराआडून दंडाचे पीळदार स्नायू दिसत, हेही सांगतात, आणि सांगणारे बहुधा हसून सांगतात. मला त्यात हसू येत नाही. ते दंड खाणावळीत परातभर कणीक मळून झालेले.

मला दिसतं ते निराळंच. लंकादहनाची कथा ताटातुटीची आहे. इकडे राम रानात झाडांना विचारत फिरतो, तिकडे सीता अशोकवनात बसून दिवस मोजते. दोघं समोरासमोर येण्याचा प्रसंगच फार थोडा. म्हणून एकच माणूस दोघांना पुरला. पण आज अण्णा रामाचा मुकुट घालून सीतेसाठी व्याकूळ होणार, आणि उद्या तोच मुकुट उतरवून त्याच व्याकुळतेच्या दुसऱ्या टोकाला जाऊन बसणार. आमच्या अकोल्यात प्रवरेच्या काठी अगस्तींचा आश्रम आहे, आणि सीतेला शोधत निघालेला राम तिथे आला, ऋषींनी त्याला बाण दिला, अशी आमच्याकडे श्रद्धा आहे. तिथे हात जोडताना माझ्या डोळ्यांपुढे कधी कधी अण्णांचा राम येतो. दोघांचा विरह एकट्याने वागवणारा.

आणि तारामती तर आमच्याकडे डोंगरच आहे. राजूरहून शिरपुंजे, अंबित करत पाचनईला गेलं की हरिश्चंद्रगडाची वाट लागते. वर हरिश्चंद्रेश्वराचं देऊळ, पाण्यात उभी केदारेश्वराची पिंड आणि तिच्या चार खांबांपैकी तगून राहिलेला एकच खांब. शिखरांची नावं हरिश्चंद्राच्या घरातली, रोहिदास आणि तारामती. त्यात तारामती सगळ्यात उंच, १,४०० मीटरच्या वर. राजा खाली देवळात आणि राणी माथ्यावर, असा तो मांड आहे. चांगदेवांनी इथे तप केलं. पण लाकूडफाट्याला, हिरड्याला रानात जाणाऱ्या बायका तारामती म्हणतात तेव्हा त्यांना पुराण आठवत नसतं. ढग कुठवर उतरलाय हे सांगायचं असतं. "तारामती झाकली, चला बिगीनं."

मी एकदा तात्यांना विचारलं होतं, तुम्ही कधी चढलात का वर? म्हणाले, जत्रेच्या खेळाआधी एकदा सगळी मंडळी गेली होती, नारळ फोडायला. हरिश्चंद्र झालेला गडी देवळापाशीच बसला. "मी एकटाच वर गेलो. माझंच नाव व्हतं ना ते." एवढंच बोलले. वर काय केलं ते सांगितलं नाही, आणि मी विचारलं नाही. न विचारलेल्या प्रश्नांची यादी माणूस गेल्यावर कशी वाढत जाते.

अण्णा १९२० च्या दशकात कॅमेऱ्याच्या मागे गेले. फाळक्यांची हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी नाशिकला होती. तिथे ते छायालेखक झाले. 'बुद्धदेव'सारख्या मूकपटांच्या श्रेयात त्यांचं नाव छायाचित्रणापुढे आहे. हे वाचलं तेव्हा मला आनंद झाला होता, अगदी घरातल्या माणसाला बढती मिळाल्यासारखा. खाणावळीतला आचारी, मग राणी, मग राम आणि सीता, आणि मग कॅमेऱ्याचं हँडल. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवावा लागे. वेग कमी-जास्त झाला तर पडद्यावरची माणसं धावू लागत. एका लयीत, न थांबता, न घाई करता हात फिरवत राहणं हे छायालेखकाचं पहिलं काम. मला माझ्या घरातली कढई आठवते. १९३१ मध्ये 'आलम आरा' आला, पडदा बोलू लागला, आणि त्याच सालानंतर अण्णा साळुंके हे नाव श्रेयनामावल्यांतून दिसेनासं होतं.

हे आपल्याकडेच झालं असं नाही. जपानी पडद्यावरही आरंभी कितीतरी वर्षं नाटकातले ओन्नागाता पुरुषच बायका होत, आणि त्यांतल्या बहुतेकांची नावं आज अभ्यासकांपुरती उरली आहेत. जावा बेटावर, डच राजवटीत, १९२६ साली बांडुंगमध्ये तिथला पहिला कथापट झाला, 'लुतुंग कसारुंग'. एका राजकन्येची आणि तिच्या पाठीशी उभ्या राहणाऱ्या काळ्या वानराची सुंदानी लोककथा. त्यात तिथल्या रेजंटच्या घरातल्या मुलांनी कामं केली. आमचा हनुमान १९१७ चा, त्यांचं वानर नऊ वर्षांनी मागून आलेलं. आज त्या चित्रपटाचा एक खेळ लावावा म्हटलं तर प्रत नाही. समुद्रापलीकडच्या त्या पोरांच्या घरी तरी कुणी आजीने सांगितलं असेल का, की आमचा अमका त्यात होता?

फिल्म मरते कशी, हे मी नंतर वाचलं. त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची. ती जात्याच पेट घेणारी; आणि पेटली नाही तरी उष्णतेने, दमटपणाने आपोआप सडत जाते. आधी चित्र फिकटतं, मग चिकट होतं, मग थर एकमेकांत रुतून बसतात, शेवटी तपकिरी भुकटी. शिवाय तिच्यावरच्या लेपात चांदी असते. खेळ लागेनासे झाले की कित्येक रिळं त्या चांदीसाठी विकली गेली, धुतली गेली. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झालं आणि पी. के. नायर गावोगाव फिरून उरलंसुरलं गोळा करू लागले, तोवर मूकपटांचा फार मोठा हिस्सा गेला होता. जे गोळा झालं, त्यातलंही काही जानेवारी २००३ मध्ये पुण्याच्याच कोठाराला लागलेल्या आगीत गेलं.

'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी उरली ती दोन. पहिलं आणि शेवटचं. तीही १९१३ ची, की फाळक्यांनी १९१७ च्या सुमारास पुन्हा केलेल्या चित्रपटाची, यावर चित्रपटाचे इतिहासकार अजून भांडतात. काहीही असो, सुरुवात आहे आणि शेवट आहे. पहिल्या रिळात राजा रोहिदासाला धनुष्यबाण शिकवतो आणि तारामती कौतुकाने पाहत उभी असते. राणी आणि तिच्या सख्या हौदात जलक्रीडा करतात, सगळे पुरुष, सगळ्यांची लुगडी ओली. शेवटी देव प्रकटतो आणि सत्त्वपरीक्षा संपते. राज्य गेलेलं, वणवण, काशीच्या बाजारात झालेली विक्री, म्हणजे तारामती जिथे खरी तारामती होते, ती मधली रिळं नाहीत.

तात्या गेले त्याच्या आधीच्या माघात मी दोन दिवस राजूरला होते. तोवर त्यांचं खोलीतून ओट्यावर येणंही थांबलं होतं. दम लागायचा. संध्याकाळी खाटेपाशी बसून मी मोबाइलवर त्यांना ती दोन रिळं लावून दाखवली. आधी काही सांगितलं नाही, फक्त म्हटलं, "तात्या, हरिश्चंद्र बघा."

त्यांनी मोबाइल माझ्या हातातून घेतला नाही. माझं मनगट धरून तो हवा तेवढा जवळ आणला. धनुष्यबाण झाला, काही बोलले नाहीत. हौदापाशी म्हणाले, "थांबव. पुना लाव." मी पुन्हा लावलं. तीनदा लावलं. मग म्हणाले, "ही राणी झालीय ना, गडी हाये. पण बघ, पाण्यातून उठताना आधी पदर धरलाय." मला खरंच तसं दिसलं का हे मी आज सांगू शकत नाही. चित्र खरबरीत, पडदा तळहाताएवढा. पण त्यांना दिसलं होतं.

मी सांगितलं, यांचं नाव अण्णा साळुंके. ग्रँट रोडला खाणावळीत आचारी होते. दहा रुपये मिळायचे, फाळक्यांनी पंधरा दिले.

"आचारी व्हता?" तात्यांनी स्वतःचे दोन्ही हात पांघरुणावर काढून ठेवले आणि त्यांच्याकडे पाहत राहिले. "मग बराबर हाये."

पुढे लाव म्हणाले. मी सांगितलं की पुढचं नाही. मधली दोन रिळं गेली, आता एकदम शेवटच आहे.

"गेली म्हंजी?"

"गेली. सडली. कुठंच नाहीत."

ते थोडा वेळ गप्प बसले. मला वाटलं थकले. मग म्हणाले, "उशी लाव पाठीला." मी लावली. त्यांनी पांघरुणाचं टोक उचललं, डोक्यावरून घेतलं, डाव्या हाताने हनुवटीखाली धरलं, आणि काशीचा बाजार सुरू झाला.

चौऱ्याऐंशी वर्षांचा माणूस, दमेकरी. आवाज उरला नव्हता म्हणून सगळं जवळजवळ कुजबुजत चाललेलं. राजा बाजारात हाक देतोय, कुणी दासी घेता का दासी. मोल ठरवणारा ब्राह्मण येतोय. तो तारामतीचे दात बघतो, हात बघतो. तात्यांनी हात पुढे केले, तळवे वर, आणि मान दुसरीकडे वळवली. रोहिदास पदर सोडत नाही. त्याची बोटं एकेक करून सोडवावी लागतात. हवेतली पाच बोटं त्यांनी एकेक करून सोडवली. शेवटच्या करंगळीला हात थांबला. कधीही न थांबणारा तो हात मी तेवढ्यापुरता थांबलेला पाहिला. काकी दारात कधी येऊन उभी राहिली कळलं नाही. तिच्या ओठांवर सगळे शब्द होते. ती चौकटीला टेकून पुढचं पुढचं म्हणत होती, आवाज न करता.

खोकल्याची उबळ आली तेव्हा तो प्रवेश अर्ध्यातच मोडला. काकीने पाणी दिलं. पांघरूण खांद्यावर घसरलं आणि तात्या पुन्हा तात्या झाले.

मोबाइल सगळा वेळ माझ्या हातात होता. एक बटण दाबायचं होतं. मला सुचलं नाही. मी पाहत राहिले, आणि पाहण्यापलीकडे काही करायचं असतं हे त्या वेळी डोक्यातच आलं नाही. रात्री अंथरुणावर पडल्यावर आलं, तेव्हा वाटलं, उद्या सकाळी पुन्हा करायला सांगू. सकाळी त्यांना दम होता. मी काही बोलले नाही.

निघताना पाया पडले. त्यांनी खिशातून पेढ्याची पुडी काढून दिली, दर वेळी देत तशी. भट्टीवर जाणं सुटून वर्षं झाली होती, तरी कुणाकडून तरी मागवून ठेवायचे. माझा हात हातात धरून म्हणाले, "कालचा बाजार बरा नाय झाला. दम पुरंना. पुढल्या खेपंला आलीस की मसणवटा करू. रोहिदासाला घिऊन येती तो. त्यो माझा चांगला व्हायचा."

मी हो म्हणाले, आणि अकोल्याच्या गाडीत बसले.